रोममध्ये मेट्रो खणायची म्हणजे: वाचकांचे प्रश्न

१६ डिसेंबर २०२५ ला रोममध्ये मेट्रोच्या सी लाइनचा नवा तुकडा सुरू झाला आणि कोलोसियमच्या दारात दुसरं भुयारी स्टेशन उघडलं. आत जुन्या विहिरी, भिंती, भांडी मांडून ठेवलेल्या, त्याचे फोटो सगळीकडे फिरले आणि आमच्याकडे प्रश्नांचा ढीग जमला. बरेच प्रश्न एकसारखेच होते म्हणून एकत्र केलेत, भाषा मात्र शक्यतो तुमचीच ठेवलीय.

प्रश्न: मागच्या वर्षी रोमला जाऊन आलो, एवढं मोठं शहर आणि मेट्रोच्या लाइन फक्त तीन, त्यासुद्धा जुन्या गावाला जेमतेम शिवून जातात. आमचा गाईड म्हणाला की इथे कुदळ मारली की काहीतरी निघतं म्हणून मेट्रो होतच नाही. हे खरंय की टूरिस्टला सांगायची गोष्ट?

अर्धं खरंय. गाईड लोकांना अर्धं खरं फार आवडतं.

रोमची लोकसंख्या २७-२८ लाख आणि मेट्रो साठेक किलोमीटर, म्हणजे युरोपातल्या मोठ्या राजधान्यांच्या मानाने फारच कमी. पहिली झाली ती बी लाइन. मुसोलिनीला १९४२ चं भव्य प्रदर्शन भरवायचं होतं, त्या जागेपर्यंत लोकांना न्यायला १९३८ मध्ये काम काढलं, मग युद्ध आलं, प्रदर्शन बोंबललं, आणि लाइन सुरू झाली १९५५ ला. कोलोसियमचं जुनं स्टेशन ते हेच. तो काळ असा होता की कोलोसियमकडे जाणारा सरळसोट रुंद रस्ता हवा म्हणून वेलिया नावाची अख्खी टेकडी कापून सपाट केली आणि १९३२ ला वरून परेड काढली, तेव्हा पुरातत्त्ववाल्यांचं कितपत ऐकलं असेल ते तुम्हीच ठरवा. नंतरची ए लाइन १९६४ ला खणायला घेतली, सुरुवातीला वरून रस्ता उघडून खणत होते, ट्रॅफिकची वाट लागली, पद्धत बदलली, मधे मधे अवशेष निघत राहिले, उघडली १९८० ला.

आता सी लाइन. शहराबाहेरचा पहिला टप्पा २०१४ ला सुरू झाला, सान जोव्हान्नी स्टेशन २०१८ ला, आणि तिथून कोलोसियमपर्यंतचे जेमतेम तीन किलोमीटर यायला २०२५ चा डिसेंबर उजाडला. यात अवशेषांचा वाटा आहेच, पण पैसे वेळेवर न मिळणं, कंत्राटदार आणि पालिका यांच्यातली भांडणं, आराखडे पुन्हा पुन्हा बदलणं, याचाही तेवढाच आहे. फरक एवढाच की सम्राट हेड्रियन पत्रकार परिषद घेऊन खुलासा करू शकत नाही, त्यामुळे सगळं बिल त्याच्या नावावर फाडणं सोपं जातं.

प्रश्न: साधी शंका आहे. बोगदा तीस मीटर खाली जातो म्हणे, आणि रोमन लोकांची घरं काही तीस मीटर खाली नव्हती. मग आणखी खालून जा ना, प्रॉब्लेम काय आहे?

ही शंका साधी नाही, सगळ्या विषयाची मेख हीच आहे, त्यामुळे उत्तर लांबणार.

आधी हे बघा की जुनं शहर खाली का जातं. ते खचत नाही, जमीन वर येते. टायबर नदीचे पूर, त्यातला गाळ, जळालेल्या घरांचा राडारोडा, आणि माणसाची जुनी सवय की पडकं घर उचलून न्यायच्या ऐवजी तिथेच सपाट करायचं आणि त्यावर नवं बांधायचं. दोन-अडीच हजार वर्षं हे चाललं की मध्यवर्ती रोममध्ये माणसाने तयार केलेल्या थरांची जाडी काही ठिकाणी १५-२० मीटरपर्यंत जाते. त्याच्या खाली नैसर्गिक माती, तिथे ना सीझर ना पोप.

म्हणून बोगदा हा प्रश्न नाहीच. टीबीएम, म्हणजे बोगदा खणणारं यंत्र, त्या थरांच्या खालून निघून जातं, वर कोणाला पत्ता लागत नाही. अडतं ते स्टेशनपाशी, कारण गाडी कितीही खालून गेली तरी माणसाला रस्त्यावरूनच आत जायचंय. शंभर-एक मीटर लांबीचा प्लॅटफॉर्म, त्याच्यावर तिकीट हॉल, सरकते जिने, लिफ्ट, आग लागली तर बाहेर पडायचे वेगळे जिने, हवा खेळती ठेवायला शाफ्ट, इलेक्ट्रिकच्या खोल्या. हे सगळं मिळून एक प्रचंड खोका होतो आणि तो खोका वरपासून खालपर्यंत सगळे थर कापत जातो. खोल गेलात की सुटका नाही, उलट जिने वाढतात आणि खोका आणखी मोठा होतो. पियात्सा व्हेनेत्सिया या मधल्या चौकात सध्या जे स्टेशन बांधतायत त्याला जमिनीखाली आठ मजले आहेत आणि कडेच्या काँक्रीटच्या भिंती ८५ मीटर खोल उतरवल्या आहेत, आणि एवढं करूनही पहिले १५ मीटर पुरातत्त्ववाल्यांचेच.

बरं, स्टेशनच कशाला, साधा शाफ्ट घ्या. २०१७ मध्ये याच लाइनसाठी ऑरेलियन तटबंदीजवळ, म्हणजे रोमच्या जुन्या कोटाजवळ, दहाएक मीटरचा एक छोटा शाफ्ट खणत होते, तर खाली तिसऱ्या शतकातलं आगीत जळालेलं घर निघालं. लाकडी छताचे कोळसा झालेले तुकडे जागच्या जागी, आणि एका कुत्र्याचा सांगाडा, बहुतेक आगीत अडकलेला. एरवी लाकूड टिकत नाही, कुजून जातं, पण जळून कोळसा झालं म्हणून राहिलं, पाँपेईजवळच्या हर्क्युलेनियमला झालं तसंच. असं काही मिळेल याची कुणालाच कल्पना नव्हती.

या सगळ्यामुळे स्टेशनं गळतात. सी लाइनच्या मूळ आराखड्यात लार्गो अर्जेंतिना या चौकात एक स्टेशन होतं, ते रद्द केलं. तिथे चार देवळांचे अवशेष आहेत आणि शेजारी पाँपे नावाच्या रोमन सेनापतीच्या सभागृहाचा भाग, जिथे इसवी सनापूर्वी ४४ मध्ये सीझरला मारलं. अशा जागी शंभर मीटरचा खोका घालायला कोण सही करणार? बोगदा खालून जाईल, गाडी मात्र थांबणार नाही.

प्रश्न: मी पुरातत्त्वशास्त्राच्या दुसऱ्या वर्षाला आहे. खणताना काही सापडलं की नेमकं काय होतं, काम लगेच थांबवतात का? आणि निर्णय कोण घेतं?

पहिली गोष्ट, "सापडलं" हा शब्दच थोडा फसवा आहे, सिनेमासारखा जेसीबी चाललाय आणि अचानक भिंत दिसली असं तिथे नसतं. इटलीत मोठं सरकारी काम काढायच्या आधी पुरातत्त्वाची तपासणी कायद्याने करावीच लागते, आणि रोमच्या मध्यात काम असेल तर पुरातत्त्ववाले पहिल्या दिवसापासून खड्ड्यातच असतात. निर्णय सोप्रिन्तेन्देन्झा नावाच्या खात्याचा, ते संस्कृती मंत्रालयाच्या अखत्यारीत येतं, मेट्रो कंपनीच्या नाही, हे महत्त्वाचं.

पद्धतही त्यानुसार बदललीय. आधी खोक्याच्या कडेच्या काँक्रीटच्या भिंती, म्हणजे डायफ्राम वॉल, जमिनीत ओततात, मग वर छताचा स्लॅब टाकतात, रस्ता बऱ्यापैकी मोकळा होतो, आणि स्लॅबच्या खाली पुरातत्त्ववाले थराथराने हाताने खणत उतरतात. वर बस चाललीय आणि खाली कोणी ब्रश घेऊन बसलंय. प्रत्येक थराची नोंद, फोटो, स्कॅन झालं की पुढचा थर. मानवी थर संपले की मग मशिनला परवानगी. हे हळू आहे, पण आधीच वेळापत्रकात धरलेलं असेल तर त्याला उशीर म्हणणं बरोबर नाही. खरी गडबड होते ती वेळापत्रक राजकारण्याने करून दिलेलं असतं तेव्हा.

निघालेल्या वस्तूंचं काय करायचं हे वस्तूवर ठरतं. सुट्या वस्तू पेट्यांतून प्रयोगशाळेत जातात. सान जोव्हान्नीला रोमन काळातलं अख्खं शेत निघालं, पाणी साठवायचा मोठाच्या मोठा हौद, तीन टोकांचा लोखंडी दाताळा, पीचच्या बिया, टोपल्यांचे तुकडे. चिखल ओला राहिला म्हणून एवढं नाजूक सामान वाचलं. यातलं बरंच आता स्टेशनातच मांडलंय आणि भिंतींवर काळ लिहिलाय, म्हणजे जिन्याने खाली जाल तसतसे तुम्ही आजच्या काळातून मागे मागे जाता. तुझ्या सिलॅबसमधलं स्तररचना हे प्रकरण इतकं सरळ समजावलेलं मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

भिंती निघाल्या तर अवघड. पोर्ता मेत्रोनिया स्टेशनच्या खड्ड्यात नऊ मीटरवर हेड्रियनच्या काळातली सैनिकांची बराक निघाली, ३९ खोल्या, मोझेकच्या फरश्यांसकट, आणि नंतर शेजारीच कमांडरचं घर. आराखडा बदलला, सगळं सोडवून बाहेर काढलं, स्टेशन बांधलं, आणि अवशेष जवळपास मूळ जागी परत आत बसवले.

आणि कधीकधी स्टेशनच हलतं. अथेन्सला केरामेइकोसच्या जुन्या दफनभूमीपाशी ९४-९५ साली मेट्रोसाठी खणताना घाईघाईत पुरलेल्या माणसांची सामूहिक कबर निघाली, पेलोपोनेशियन युद्धाच्या काळात अथेन्समध्ये जी साथ आली त्यातले मृत असावेत असं मानतात. त्यातल्या अकरा वर्षांच्या एका मुलीच्या कवटीवरून शास्त्रज्ञांनी तिचा चेहरा परत घडवला आणि तिला मिर्तिस असं नाव दिलं. तिथलं स्टेशन सोडून दिलं, मार्ग बदलला, त्या नावाचं आजचं स्टेशन वेगळ्या जागी २००७ ला झालं.

प्रश्न: हे काढून परत बसवणं मला पटत नाही. एकदा दगड हलवला की तो अवशेष राहिला का? मग तर सेटच झाला ना!

तुमच्या बाजूने बोलणारे बरेच आहेत, आणि हे भांडण सगळ्यात जोरात झालं ते रोमला नाही, ग्रीसमधल्या थेसालोनिकीला. तिथे व्हेनिझेलू स्टेशनच्या खड्ड्यात शहराचा जुना मुख्य रस्ता निघाला, संगमरवरी फरसबंदी, चौक, दोन्ही बाजूला दुकानं, आणि गंमत म्हणजे आजचा मुख्य रस्ता बरोबर त्याच्याच वरून जातो. आधी ठरलं की उचलून दुसरीकडे नेऊन ठेवू, त्यावर लोक रस्त्यावर उतरले. मग ठरलं की जागेवरच ठेवून खालून स्टेशन बांधू. २०१९ मध्ये सरकार बदललं आणि तिसरं ठरलं, सोडवून काढायचं, स्टेशन बांधायचं, परत तिथेच मांडायचं. कोर्टकचेऱ्या झाल्या. शेवटी तसंच केलं आणि ३० नोव्हेंबर २०२४ ला मेट्रो सुरू झाली, काम सुरू झाल्यापासून १८ वर्षांनी.

माझं मत विचाराल तर जागेवर ठेवता येत असेल तर हात लावू नये, आणि "येत नाही" हे इंजिनिअरने सिद्ध करावं, मंत्र्याने नाही. फरशीचा दगड परत त्याच जागी बसवता येतो, पण त्याच्याखालची माती, त्यातला कोळसा, बिया, पुढच्या पिढीला नव्या तंत्राने जे वाचता आलं असतं ते सगळं एकदाच वाचायला मिळतं. त्यामुळे सेट म्हणणं जरा जास्त होईल, पण मूळ म्हणणंही बरोबर नाही. सरसकट नियम मात्र करता येत नाही. मोझेकची फरशी तज्ज्ञ लोक व्यवस्थित सोडवू शकतात, कच्च्या विटांची भिंत हलवली की संपली.

जागेवर ठेवल्याचं उत्तम उदाहरण हवं असेल तर मेक्सिको सिटी. १९६७ मध्ये पिनो सुआरेझ स्टेशन खणताना ॲझ्टेक लोकांच्या वाऱ्याच्या देवाची, एहेकात्लची, गोल वेदी निघाली. स्टेशनने तिला वळसा घातला. आज गाडी बदलायला रोज हजारो माणसं तिच्या शेजारून धावत जातात, बरीचशी न बघता.

प्रश्न: मी निवृत्त सिव्हिल इंजिनिअर आहे. अवशेषांबद्दल सगळे लिहितात, पण शेजारच्या जुन्या बिल्डिंगच्या सेटलमेंटबद्दल, म्हणजे खचण्याबद्दल, कोणी बोलत नाही. कोलोसियमच्या एवढं जवळ खणताना काय काळजी घेतली?

काका, बरं झालं विचारलंत, कारण मोठे अपघात झालेत ते याच बाबतीत. जर्मनीत कोलोनला ३ मार्च २००९ ला भुयारी रेल्वेच्या खड्ड्याशेजारी शहराचा ऐतिहासिक दफ्तरखाना कोसळला, दोन माणसं गेली, हजार वर्षांची कागदपत्रं ढिगाऱ्यात आणि पाण्यात. डायफ्राम वॉलमध्ये दोष राहिला होता, त्यातून वाळू आणि पाणी खड्ड्यात शिरलं आणि शेजारची जमीनच निघून गेली. त्याच्या आदल्या वर्षी ॲमस्टरडॅममध्ये फैझेलग्राख्त स्टेशनच्या भिंतीच्या जोडातून गळती झाली आणि सतराव्या शतकातली विणकरांची घरं वीसेक सेंटिमीटर बसली. ती लाकडी खुंटांवर उभी, त्यामुळे खालची वाळू सरकली की खलासच. म्हणजे तुम्हाला माहितीच आहे की बोगद्यापेक्षा स्टेशनचा खोका धोक्याचा, आणि खोक्यातही जोड आणि भूजल.

कोलोसियमचं म्हणाल तर त्याची जमीन मुळातच विचित्र आहे. सम्राट नीरोच्या महालातलं तळं होतं ते भरून त्यावर बांधलंय, आणि दक्षिणेकडची बाजू मऊ गाळावर आहे. १३४९ च्या भूकंपात बाहेरची भिंत दक्षिणेकडचीच पडली. त्यामुळे नवीन स्टेशनच्या कामात शेजारच्या स्मारकांवर सेन्सर लावून सतत मोजमाप चालू होतं, आणि समोरच्या मॅक्सेन्शियसच्या बॅसिलिकाच्या, म्हणजे जुन्या रोमन सभागृहाच्या, प्रचंड कमानींना बोगदा येण्याआधीच आधार दिला. तटबंदीपाशी जमिनीत आधी ग्राउटिंग केलं, म्हणजे सिमेंटचं मिश्रण भरून ती घट्ट केली, मघाशी ज्या शाफ्टचं सांगितलं तो याच कामासाठी होता. रोजच्या गाडीच्या कंपनांना रुळाखाली रबराचे थर देऊन बऱ्यापैकी आवरता येतं. उलट वरची वाहनंच जास्त त्रासाची होती, कोलोसियमला घासून जाणारा तो मुसोलिनीचा रस्ता २०१३ ला खासगी गाड्यांना बंद केला तो त्यामुळेच, धूर आणि हादरे दोन्ही.

प्रश्न: एवढा खर्च करण्यापेक्षा जुन्या गावात बस वाढवा की.

बस आहेतच, त्या गल्ल्यांत अडकतात. एका गाडीत हजाराच्या वर माणसं जातात, तेवढ्या माणसांना लागणाऱ्या बस त्या रस्त्यांवर उभ्या करायलासुद्धा जागा नाही. ट्राम वाढवा म्हणणारे लोक रोममध्ये आहेत आणि त्यांचं म्हणणं मला बरंचसं पटतं, पण ट्रामला रस्त्याची रुंदी लागते आणि सगळीकडे ती नाहीये.

प्रश्न: आईला घेऊन रोमला जायचंय, तिला चालवत नाही फार पण इतिहासाची आवड आहे. ही स्टेशनं बघायची तर कशी बघू? म्युझियमचं वेगळं तिकीट लागतं का?

वेगळं तिकीट नाही, मेट्रोच्या साध्या तिकिटात होतं. तेर्मिनी या मुख्य रेल्वे स्टेशनवरून ए लाइनने सान जोव्हान्नीला या, तिथे घाई करू नका, खालपर्यंत उतरताना काचेतल्या वस्तू आणि भिंतीवरचे काळ बघत या. मग तिथूनच सी लाइन पकडा, पोर्ता मेत्रोनिया मधे लागेल, आणि पुढचं कोलोसियम, तिथे २८ विहिरींतून निघालेलं सामान आणि एका जुन्या घरातलं न्हाणीघर आहे. साधं तिकीट १०० मिनिटं चालतं, पण मेट्रोसाठी एकदाच, म्हणजे गेटच्या बाहेर पडलात की त्याच तिकिटावर परत आत येता येत नाही, म्हणून लाइन आतल्या आत बदला आणि बाहेर थेट कोलोसियमलाच पडा. लिफ्ट आहेत, पण त्या दिवशी चालू आहेत का ते निघायच्या आधी बघून घ्या, जुन्या लाइनवर तर नक्कीच. सकाळी ऑफिसची वेळ टाळा. आणि सरकत्या जिन्यावर फोटो काढताना पर्स पुढे ठेवा, त्या भागात खिसेकापू भरपूर.

व्हेनेत्सियाचं स्टेशन बघायला थांबू का असं एका ताईंनी विचारलंय. नका थांबू, ते पुढच्या दशकाच्या सुरुवातीचं काम आहे, तेसुद्धा कागदावर. आईला आत्ता घेऊन जा.